माळ्यावरचा गठ्ठा: कोकणातल्या घरात जुन्या मासिकांची नोंद आणि जपणूक

पावसाळ्यापूर्वी कौले परतण्यासाठी माळा मोकळा करायला घेतला की कोकणातल्या पुष्कळ घरांत मोडक्या पाळण्यामागून किंवा पितळी भांड्यांच्या पेटाऱ्याखालून सुतळीने बांधलेला मासिकांचा एखादा गठ्ठा निघतो. मुंबईला नोकरीस असलेल्या आजोबांनी सुट्टीत येताना आणलेले दिवाळी अंक, वर्गणी भरून पोस्टाने येणारी ‘किर्लोस्कर’, ‘स्त्री’, ‘सत्यकथा’ यांसारखी मासिके, मुलांसाठी घेतलेले ‘आनंद’चे सुटे अंक असे काहीबाही त्यात असते. गठ्ठा खाली आला की घरात लगेच दोन पक्ष पडतात. एक म्हणतो रद्दीत घाला आणि दुसरा म्हणतो अंगणात उन्हाला घाला. या दोघांनाही काही दिवस थांबवून ठेवता आले, तर पुढचे काम वाटते तितके अवघड नाही.

उन्हाचे आधी सांगतो, कारण ती चूक चांगल्या हेतूने होते. आंबोशी आणि कोकमे वाळवणाऱ्या हातांना कागदही तसाच वाळवावा असे वाटणे स्वाभाविक आहे. परंतु विसाव्या शतकातील बहुतेक मासिके स्वस्त, लाकडाच्या लगद्यापासून केलेल्या कागदावर छापलेली आहेत. त्या लगद्यात लिग्निन नावाचे द्रव्य उरलेले असते आणि ऊन व हवा लागताच ते तपकिरी पडू लागते. शिवाय शाई फुटू नये म्हणून कागद तयार करताना वापरलेल्या तुरटीमुळे कागदात आम्ल राहते आणि ते वर्षानुवर्षे त्याचे तंतू आतून तोडत असते. एकोणिसाव्या शतकाच्या पूर्वार्धातला, चिंध्यांपासून केलेला कागद आजही लवचीक सापडतो आणि १९४५ सालचा अंक मात्र पान उलटताना मोडतो, त्याचे कारण हे आहे. भर उन्हातले दोन दिवस अशा कागदाचे बरेच आयुष्य खातात. वाळवायचेच असेल तर पडवीत, सावलीत, वाहत्या हवेवर वाळवावे.

कामाचा मुहूर्तही कोकणाच्या हवामानाप्रमाणे धरावा लागतो. किनारपट्टीवर वर्षाचा बहुतेक पाऊस जून ते सप्टेंबर या चार महिन्यांत पडतो आणि त्या काळात घरातली हवा इतकी दमट असते की आर्द्रता साठ-पासष्ट टक्क्यांच्या खाली क्वचितच येते. त्याच्या वर ती टिकून राहिली की बुरशीला कागदावर बस्तान बसवायला फार वेळ लागत नाही. कागद हवेतला ओलावा शोषतो आणि धरून ठेवतो. म्हणून आषाढात पुसूनपासून प्लास्टिकच्या पेटीत घट्ट बंद केलेला अंक म्हणजे आषाढच पेटीत कोंडण्यासारखे आहे. दिवाळीपासून होळीपर्यंतचे दिवस या कामाचे. गठ्ठा मे महिन्यात हाती आला, तर आगोटीच्या, म्हणजे पावसाळ्यापूर्वीच्या बेगमीच्या, धांदलीत तो सोडवत बसू नये. सुतळी कागदात रुतली असेल तर कापावी, गठ्ठा स्वच्छ सुती कापडात, जुन्या पोथ्या रुमालात बांधतात तसा सैल गुंडाळावा, कोठे व कधी सापडला याची चिठ्ठी कापडावर लावावी आणि आतल्या खोलीत जमिनीपासून उंच ठेवावा. गठ्ठ्यातला क्रम बदलू नये. कोणते अंक कोणाच्या शेजारी होते, यावरून कधी कधी ते कोणी व केव्हा जमवले हे कळते.

आता नोंदीकडे येऊ. माझ्या मते ती सफाईच्या, दुरुस्तीच्या आणि स्कॅनिंगच्याही आधी झाली पाहिजे. हे मी स्वतःच्या नुकसानीवरून सांगतो. काही वर्षांपूर्वी घरातल्या एका मासिकाचे तीन वर्षांचे अंक मी नोंद न करता बांधायला दिले. बांधणाऱ्याने त्याच्या रीतीप्रमाणे मुखपृष्ठे व जाहिरातींची पाने ‘फालतू’ म्हणून काढून टाकली, कडा यंत्रावर सरळ कापल्या आणि अतिशय देखणे असे तीन खंड परत केले. त्यांत कोणता अंक कोठे सुरू होतो हे आता मला सांगता येत नाही, आणि समासात आजोबांनी पेन्सिलीने लिहिलेले शेरे अर्धे कापले गेले आहेत. एका साध्या वहीत आधी दोन ओळी लिहिल्या असत्या, तर निदान काय गेले ते तरी कळले असते.

प्रत्येक अंकाला एक दाखल क्रमांक द्यावा आणि तो मऊ शिशाच्या पेन्सिलीने शेवटच्या पानाच्या आतल्या कोपऱ्यात बारीक लिहावा. शाई, शिक्का आणि चिकटणारे लेबल यांपैकी काहीही अंकाला लावू नये. त्या क्रमांकापुढे वहीत किंवा संगणकावरील तक्त्यात मासिकाचे नाव, वर्ष व अंक, महिना व साल, संपादक, मुद्रक व प्रकाशक, ठिकाण, किंमत, पृष्ठसंख्या, मुखपृष्ठाचे चित्रकार आणि अंकाची अवस्था लिहावी. येथे ‘वर्ष’ म्हणजे मासिकाच्या वयाचे वर्ष, हे विसरू नये. ‘वर्ष १२, अंक ७’ आणि इसवी सन यांसाठी वेगवेगळे रकाने असावेत. दोन महिन्यांचा जोडअंक असेल किंवा दिवाळी अंकातच ऑक्टोबर-नोव्हेंबरचे अंक सामावले असतील तर तसे स्पष्ट लिहावे, नाहीतर पुढचा माणूस कधी न निघालेला अंक हरवला म्हणून शोधत बसतो. नाव बदलले असेल तर तेही टिपावे. ‘किर्लोस्कर’ १९२० साली निघाले तेव्हा त्याचे नाव ‘किर्लोस्कर खबर’ होते, आणि दोन्ही नावांचे अंक एकाच घरात सापडले तर त्यांना दोन मासिके समजण्याची चूक सहज होते.

अवस्थेच्या रकान्यात ‘बरा’, ‘वाईट’ असे शेरे निरुपयोगी ठरतात. ‘मुखपृष्ठ नाही; पृष्ठे ३३ ते ४० गहाळ; पिना गंजलेल्या; खालच्या कोपऱ्यास कसर’ असे लिहिले, तर पाच वर्षांनी नुकसान वाढले की थांबले हे ताडता येते. अनुक्रमणिका उतरवून काढणे फार कष्टाचे असते, म्हणून प्रत्येक अंकाचे मोबाइलवर तीन फोटो घ्यावेत: मुखपृष्ठ, अनुक्रमणिका आणि मुद्रक-प्रकाशकांची ओळ असलेले पान. १८६७ च्या कायद्याने मुद्रक व प्रकाशक यांची नावे आणि ठिकाणे छापणे बंधनकारक केले होते, त्यामुळे मुखपृष्ठ फाटले असले तरी शेवटच्या पानाच्या तळाशी ही ओळ बहुधा मिळते.

मुखपृष्ठ नसलेल्या अंकाचा काळ ठरवणे हा या कामातला सर्वांत रंजक भाग आहे, आणि मला तर स्कॅनिंगपेक्षा त्यातच अधिक गोडी वाटते. जुन्या अंकांवर शके असेल तर त्यात ७८ मिळवून इसवी सन निघतो, मात्र जानेवारीपासून चैत्र सुरू होईपर्यंतच्या अंकांसाठी ७९ मिळवावे लागतात. का. र. मित्र, मूळ आडनाव आजगावकर, यांनी १८९५ साली सुरू केलेल्या ‘मासिक मनोरंजन’चा १९०९ सालचा दिवाळी अंक मराठीतला पहिला मानला जातो. तो शके १८३१ मधला. किंमत आण्यांत असेल तर अंक एप्रिल १९५७ च्या आधीचा किंवा त्या संक्रमणाच्या सुमाराचा असतो, आणि ‘नये पैसे’ असे छापले असेल तर तो १९५७ ते १९६४ यांमधला धरावा, कारण १९६४ च्या जूनमध्ये ‘नये’ हा शब्द गळाला. जाहिरातीतल्या पत्त्यात ‘मुंबई १४’ किंवा ‘पुणे २’ असे असेल तर तो बहुधा पिनकोडपूर्व काळ आहे. सहा आकडी पिन १५ ऑगस्ट १९७२ पासून आला. ‘नाहीं’, ‘कांहीं’, ‘घरांत’ असे अनुस्वार सरसकट दिसले तर १९६२ च्या शुद्धलेखन नियमांपूर्वीचा अंक असण्याची शक्यता अधिक, पण जुन्या वळणाचे संपादक नियम आल्यावरही काही काळ अनुस्वार देत राहिले असणार, त्यामुळे या एकाच खुणेवर निर्णय देऊ नये. दुसऱ्या महायुद्धातल्या कागदटंचाईत अंक एकाएकी बारीक झालेले दिसतात, तीही एक खूण.

आपल्या भागापुरती आणखी एक खूण उपयोगी पडते. पोस्टाने आलेल्या अंकाचे वेष्टन किंवा त्यावरची पत्त्याची चिठ्ठी कधी कधी आतच राहिलेली असते. मालवण, वेंगुर्ले किंवा सावंतवाडीच्या वर्गणीदारापुढे ‘जि. रत्नागिरी’ असेल तर ती बहुधा सिंधुदुर्ग जिल्हा होण्याआधीची, म्हणजे १ मे १९८१ पूर्वीची, आणि अलिबाग-महाडकडच्या पत्त्यात ‘जि. कुलाबा’ असेल तर त्याच वर्षी झालेल्या नामांतराच्या आधीची मानता येते. म्हणून वेष्टने फेकू नयेत, अंकाबरोबरच वेगळ्या कागदी पाकिटात ठेवावीत. त्यांचे फोटो इतरांना दाखवताना मात्र घराचे पत्ते झाकावेत.

सफाईला लागते ते सामान घरातलेच आहे: मऊ रुंद ब्रश, स्वच्छ सुती कापड, नाकातोंडावर मास्क. टेबल खिडकीजवळ मांडावे, अंक सपाट ठेवावा आणि ब्रश शिवणीकडून बाहेरच्या कडेकडे फिरवावा. बुरशी ओली असताना पुसली तर ती कागदात अधिक मुरते. म्हणून असा अंक इतरांपासून वेगळा काढून सावलीत पूर्ण कोरडा होऊ द्यावा आणि मग घराबाहेर नेऊन ती भुकटी हलकेच झाडावी. डाग राहतील. ते घालवण्याच्या फंदात पडू नये. दम्याचा त्रास असणाऱ्यांनी हे काम दुसऱ्या कोणावर सोपवावे.

खाऱ्या, दमट हवेत पिना लवकर गंजतात आणि गंज भोवतालचा कागद जाळत नेतो. पिन ओढून काढू नये. अंकाच्या मधल्या पानावर तिची वळलेली टोके बोथट, पातळ पात्याने हळूहळू उभी करावीत आणि मग बाहेरच्या बाजूने ती सोडवावी. त्याच भोकांतून पांढऱ्या सुती दोऱ्याचे सैल टाके घातले की अंक पुन्हा एकत्र राहतो. फाटलेल्या पानाला पारदर्शक चिकटपट्टी कधीही लावू नये. काही वर्षांत तिचा डिंक पिवळा होऊन कागदात उतरतो, पट्टी गळून पडते आणि डाग मात्र कायमचा राहतो. लॅमिनेशनही तसेच घातक, कारण ते परत सोडवता येत नाही. दुरुस्ती करायचीच तर गव्हाच्या सत्त्वाची पातळ खळ आणि लांब तंतूंचा जपानी पातळ कागद वापरावा, आणि आधी रद्दीतल्या पानांवर हात बसवावा. ज्याला हे जमणार नाही त्याने फाटलेले पान स्वच्छ पांढऱ्या कागदाच्या घडीत ठेवून द्यावे. दुरुस्ती न केल्याने जितके अंक गेले, त्याहून अधिक ती उतावीळपणे केल्याने गेले असावेत असे माझे मत आहे.

कसर, झुरळे आणि वाळवी यांची गोष्ट वेगळी. वाळवी भिंतीतून येते, तेव्हा तिचा बंदोबस्त घराचा करावा लागतो, कागदाचा नाही. कसर लागलेला अंक दोन प्लास्टिक पिशव्यांत, आतली हवा शक्य तितकी दाबून काढून, घट्ट बंद करावा आणि उणे १८ अंश सेल्सिअसच्या फ्रीझरमध्ये दोन आठवडे ठेवावा. बाहेर काढल्यावर पिशवी चोवीस तास उघडू नये, नाहीतर थंड कागदावर दव धरते. आपल्याकडे या उपायात दोन अडचणी येतात. वीज बराच वेळ गेली तर दिवस पुन्हा पहिल्यापासून मोजावे लागतात, आणि फ्रीझरमध्ये सुरमई व बांगडे आधीच मुक्कामाला असतात, म्हणून दोन पिशव्यांचा आग्रह. डांबरगोळ्यांचा वास माणसालाच अधिक बाधतो, त्या टाळाव्यात. कडुलिंबाचा ओला पाला ओलावा आणतो. वेखंडाची पुरचुंडी कपाटाच्या कोपऱ्यात ठेवण्याची जुनी रीत चालू ठेवायला हरकत नाही, पण ती कागदाला टेकू देऊ नये आणि तिच्यावर भिस्तही ठेवू नये.

ठेवण्याची जागा निवडताना माळा आधी बाद करावा. कौलांखालचा उष्मा, गळती आणि उंदीर असे तिन्ही शत्रू तेथे एकत्र नांदतात. चिऱ्याच्या भिंती पावसात ओल ओढतात, विशेषतः पश्चिमेकडच्या, तेव्हा कपाट माजघरासारख्या आतल्या खोलीत, भिंतीपासून वीतभर पुढे आणि जमिनीपासूनही वीतभर उंच असावे. अंक उभे न ठेवता आडवे ठेवावेत आणि एका थप्पीची उंची चार-पाच बोटांपलीकडे नेऊ नये, म्हणजे खालचे दबत नाहीत. चांगल्या प्रतीच्या, आम्लरहित पुठ्ठ्याच्या पेट्या मिळाल्या तर उत्तम. न मिळाल्यास प्रत्येक अंक आम्लरहित पांढऱ्या कागदात गुंडाळून झाकणाच्या जाड प्लास्टिक डब्यात ठेवता येतो, मात्र डबा कोरड्या दिवसांत भरावा आणि आत ओलावा शोषणाऱ्या सिलिका जेलच्या पिशव्या घालाव्यात. नारिंगी दाणे हिरवे पडले की ते तापवून पुन्हा वापरता येतात. काहीशे रुपयांत मिळणारा छोटा आर्द्रतामापक डब्यात ठेवला तर अंदाजावर राहावे लागत नाही. पीव्हीसीची मऊ, वासाची पाकिटे वापरू नयेत.

गळतीने अंक भिजलेच तर वेळ थोडा असतो, कारण दोन दिवसांत बुरशी सुरू होते. साधा कागद पंख्याच्या अप्रत्यक्ष वाऱ्यावर, पानांमध्ये कोरे टिपकागद घालून आणि ते वारंवार बदलून वाळवता येतो. दिवाळी अंकांतली चकचकीत आर्ट पेपरची रंगीत पाने मात्र ओली एकमेकांवर राहून वाळली तर वीट होऊन बसतात. ती ओली असतानाच एकेक सोडवावीत, आणि लगेच शक्य नसेल तर अंक तसाच पिशवीत घालून फ्रीझरमध्ये टाकावा व सवडीने सोडवावा.

स्कॅनिंग हा शेवटचा टप्पा. मजकुरासाठी ३०० डीपीआय (दर इंचातले ठिपके) पुरतात, बारीक टाइप आणि चित्रांसाठी ४०० ते ६०० घ्यावेत. छापील चित्रे ठिपक्यांची असल्यामुळे कमी डीपीआयवर त्यांच्यावर जाळीदार नक्षी उमटते. काळे-पांढरे पानही रंगीत स्कॅन करावे, आणि कागद पातळ असेल तर मागे काळा कागद ठेवावा म्हणजे पाठीमागची अक्षरे पुढे दिसत नाहीत. ठिसूळ अंक काचेवर दाबू नये. तो अर्धा उघडून वरून कॅमेऱ्याने टिपावा. १९५१ साली सुरू झालेल्या ‘आवाज’ या विनोदी दिवाळी अंकाच्या खिडकीचित्रांसारखी कापलेली पाने असतील तर खिडकी बंद असताना एक आणि उघडून एक अशी दोन चित्रे घ्यावीत, नाहीतर विनोदाचा अर्धा भागच संगणकात जातो. दीनानाथ दलाल किंवा रघुवीर मुळगावकर यांच्या मुखपृष्ठांसाठी रंग जुळवायला शेजारी रंगपट्टी ठेवलेली बरी. मूळ फाइल टिफ स्वरूपात जपावी आणि वाचण्यासाठी वेगळी पीडीएफ करावी. फाइलच्या नावात मासिक, साल, महिना व पान यांचे आकडे ठरावीक अंकांत, म्हणजे ५ ऐवजी ०५ असे लिहावेत, तरच क्रम नीट लागतो. तीन प्रती, दोन निराळ्या प्रकारच्या साधनांवर आणि त्यांपैकी एक दुसऱ्या गावी, हा नियम किनाऱ्यावरच्या माणसाला निराळा समजावून सांगायला नको.

स्कॅन केलेले सर्वांसाठी खुले करण्यापूर्वी कॉपीराइट पाहावा लागतो. भारतात लेखकाच्या निधनानंतरच्या वर्षापासून साठ वर्षे हक्क टिकतो, म्हणजे १९६० साली निवर्तलेल्या लेखकाचा मजकूर ३१ डिसेंबर २०२० नंतर मुक्त झाला. मासिकात मात्र प्रत्येक कथा, कविता आणि चित्र यांचा हिशेब स्वतंत्र असतो. त्यामुळे अख्खा अंक मुक्त समजण्याआधी अनुक्रमणिका समोर घेऊन नावे तपासावीत. सूची खुली करायला मात्र अडचण नाही.

ती सूची तयार झाली की ग्रंथालयांकडे जावे, आधी नाही. १८२८ पासून चालत आलेले रत्नागिरीचे नगर वाचनालय, ठाण्याचे १८९३ चे मराठी ग्रंथसंग्रहालय, मुंबईचे १८९८ चे मुंबई मराठी ग्रंथसंग्रहालय अशा जुन्या संस्थांच्या संग्रहाशी आपली यादी ताडून पाहिली, तर त्यांच्याकडे नसलेला एखादा अंक आपल्या डब्यात निघू शकतो, आणि ‘काही जुनी मासिके आहेत, घेता का’ या प्रश्नापेक्षा दाखल क्रमांकासह दिलेली यादी कोणत्याही ग्रंथपालाला अधिक उपयोगाची असते. देणगी द्यायची ठरल्यास घरातल्या सर्वांची संमती लेखी घ्यावी. वाटण्या न झालेल्या घरात हे विशेष.

डबे वर्षातून दोनदा उघडावेत: एकदा पाऊस सरल्यावर, आणि एकदा वैशाखात, आगोटीच्या सामानाबरोबर सिलिका जेल बदलताना. उघडल्याची तारीख, मापकावरचा आकडा आणि दिसलेला बदल झाकणाच्या आतल्या बाजूस लावलेल्या चिठ्ठीवर पेन्सिलीने लिहावा. शाई ओलाव्यात पसरते.